एका हाताचं सोनं

बेडकी आठ वर्षांची असताना तिने पालिकेचा अख्खा पोहण्याचा तलाव निळा करून टाकला.

हेतू तसा चांगलाच होता. तिचे बाबा त्या तलावावर पंपवाले होते. कपडे बदलायच्या खोल्यांच्या मागे, चार पायऱ्या खाली उतरून पंपाची खोली होती. शाळा सुटली की ती तिथे यायची, फिल्टरच्या लोखंडी टाकीला पाठ टेकून बसायची आणि अभ्यास करायची. करायची म्हणजे वही उघडी ठेवायची. त्या आठवड्यात फिल्टरमधली वाळू खराब झाली होती, पाणी हिरवट दिसत होतं आणि बाबा कपाळाला हात लावून फिरत होते. घरी आई शिवणकाम करायची. गिऱ्हाइकाचा पांढरा शर्ट पिवळट दिसला की ती बादलीत निळीचे दोन थेंब टाकायची आणि शर्ट कसा लख्ख व्हायचा. बादलीला दोन थेंब, तर तलावाला किती? गणितात ती कच्ची होती. तिने घरातल्या सगळ्या बाटल्या उचलल्या आणि फिल्टरच्या तोंडाशी रिकाम्या केल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाबांनी पंप सुरू केला आणि उथळ बाजूच्या जाळीतून शाईसारखे लोट बाहेर पडले. नेमकी तिथेच म्हातारी मंडळी पाण्यात उभी राहून राजकारण करत होती. त्यांतल्या एका वकिलांची पांढरीशुभ्र दाढी फिक्कट निळी झाली. तशाच दाढीने ते कोर्टात उभे राहिले, आणि न्यायाधीशांनी त्यांच्याकडे एकदा बघून, काही न विचारताच पुढची तारीख दिली म्हणतात.

चोर सापडायला वेळ लागला नाही. चोराचे हात कोपरापर्यंत निळे होते.

तलावावर पोहायला शिकवणारे एक सर होते. त्यांच्या तोंडात कायम शिट्टी असायची, म्हणून पोरं त्यांना शिट्टी सर म्हणत. कडक इस्त्रीची पांढरी पँट, पायात पांढरे बूट, आणि शिस्त अशी की पाण्यातल्या मुलाने जांभई दिली तरी शिट्टी वाजायची. बाबांनी पोरीला कान धरून त्यांच्यापुढे उभं केलं.

"सगळ्या कडेच्या फरशा घासायच्या," शिट्टी सर म्हणाले. "निळा डाग दिसता कामा नये."

"वरच्या का खालच्या पण?" तिने विचारलं.

"खालच्या म्हणजे?"

"पाण्यातल्या."

सरांना वाटलं, पोरगी उलट बोलते आहे. "हो, पाण्यातल्यासुद्धा!" ते खेकसले.

तिने ब्रश दातात धरला आणि फ्रॉकसकट पाण्यात उडी घेतली. तलाव बंद असायच्या वेळात, बाबा पंपाशी झटापट करत असताना, ती कधीच स्वतःची स्वतः पोहायला शिकली होती. हे घरात कुणालाच ठाऊक नव्हतं. ती तळाशी गेली आणि फरशा घासत, पाय दुमडून झटकत, दुमडून झटकत, पुढे सरकू लागली. वर येईना. शिट्टी सरांनी मनातल्या मनात चाळीसपर्यंत मोजलं, आणि मग बाबांना हाक मारायला तोंड उघडलं तेव्हा शिट्टी खाली पडली. इतक्यात ती तलावाच्या दुसऱ्या टोकाला भसकन वर आली.

"मुलगी आहेस का बेडकी?" सर ओरडले.

तेव्हापासून ती बेडकी. आईसुद्धा तिला तेच म्हणू लागली. आई रागावली की मात्र पूर्ण नावाने हाक मारायची, आणि ते ऐकू आलं की बेडकी सरळ पाण्याखाली जायची.

---

बेडूकपोहणं म्हणजे ब्रेस्टस्ट्रोक हाच तिचा प्रकार ठरला. अकराव्या वर्षी सरांनी तिला जिल्ह्याच्या स्पर्धेला नेलं. त्यासाठी आईने पोहायचा पोशाख शिवला तो छत्रीच्या कापडाचा. आईचं म्हणणं बिनतोड होतं: छत्रीत पाणी शिरत नाही. पण छत्रीतून हवाही बाहेर पडत नाही, हे तिच्या लक्षात आलं नव्हतं. बेडकीने सूर मारला आणि पाठीवर हा भला मोठा फुगा आला. "कासव! कासव!" असा गलका झाला. ती हात मारी, फुगा तिला वर उचले. आठ जणींत ती सातवी आली. आठवी हसताहसता नाकातोंडात पाणी जाऊन मध्येच थांबली होती.

"काय झालं गं?" घरी आल्यावर आईने विचारलं.

"सगळे माझ्याकडेच बघत होते," बेडकी म्हणाली. ते खोटं नव्हतं.

पुढे पोशाख विकत आणले, हात लांबले, पायात जोर आला. ती जिल्ह्यात पहिली यायला लागली. पण तिच्या खोड्याही तिच्यासोबत वाढल्या. कुणाच्या टोपीत पावडर भर, कुणाचे टॉवेल एकमेकांना गाठी मारून ठेव, सुरुवातीच्या चौथऱ्यांवर लिहिलेल्या आकड्यांवर खडूने दुसरेच आकडे लिही. सरांनी तिला एकदा विचारलं, "तुला गप्प बसवत नाही का?" ती म्हणाली, "पाण्यात असते ना सर, तेवढा वेळ बसते की."

चौदाव्या वर्षी मात्र एक खोडी तिच्या अंगाशी आली.

तलावावरच्या मुलींत एक गोष्ट वर्षानुवर्षं चघळली जायची. शिट्टी सरांना पाण्यात कुणी पाहिलं नव्हतं. ते काठापासून नेहमी दोन हात लांब उभे राहत. फरशी ओली असली की भिंतीच्या कडेकडेने चालत. कुणी म्हणे, ते तरुणपणी समुद्र पोहून गेले होते आणि आता छोट्या पाण्यात उतरणं त्यांना कमीपणाचं वाटतं. कुणी म्हणे, त्यांच्या पाठीवर मोठा व्रण आहे. बेडकीने पैज लावली: "उद्या सकाळी मी त्यांना पाण्यात ढकलते. कपडे भिजले की समजेलच व्रण आहे का ते."

मुली सहाला येणार होत्या. बेडकी नेहमीप्रमाणे साडेपाचलाच आली. शिट्टी सर खोल बाजूला, पाण्याची उष्णता मोजायची नळी दोरीने वर ओढायला वाकले होते. अशी संधी पुन्हा कधी येणार? ती अनवाणी पायांनी मागून गेली आणि दोन्ही तळहात त्यांच्या पाठीवर टेकवले. फार जोर लावावाच लागला नाही.

सर पडले. मोठा आवाज झाला, बेडकी पोट धरून हसली. मग पाणी शांत झालं. पाण्यावर एक पांढरा बूट तरंगत होता. खाली सर होते, डोळे उघडे, दोन्ही हात एखादी शिडी चढावी तसे हलवत. शिडी नव्हती.

बेडकीच्या तोंडचं पाणी पळालं. तिने सूर मारला, त्यांच्या कॉलरला धरलं आणि त्यांनीच शिकवलं होतं तसं, मागून हनुवटीखाली हात घालून, त्यांना उथळ बाजूला ओढत नेलं. पायऱ्यांवर बसल्यावर सर बराच वेळ खोकत राहिले.

"सर... तुम्हाला पोहता येत नाही?"

त्यांनी पायांकडे बघितलं. इस्त्रीची पँट पायांना चिकटली होती आणि एका पायात बूट नव्हता.

"मी धावायचो," शेवटी ते म्हणाले. "धावण्याचा शिक्षक म्हणून पालिकेत लागलो. पहिली नेमणूक आली ती तलावावर. म्हटलं, आठ दिवसांत शिकून घेऊ. पण पहिल्याच दिवशी बघतो तर पोरं रांगेत उभी, आईबाप कट्ट्यावर बसलेले. आता त्यांच्यासमोर मी नाक धरून उथळ पाण्यात उतरू? म्हटलं, उद्या. मग परवा. सोळा वर्षं झाली."

"मग शिकवता कसं?"

"पुस्तकं आणली. वाचली. तुम्हा पोरांकडे बघत आलो." ते उठायला लागले. "सहा वाजले की येतीलच सगळ्या. सांगून टाक. पैज लावली असशील ना काहीतरी?"

बेडकीच्या आयुष्यातली ही सर्वांत मोठी खोडी होती आणि ती पुरती जमली होती. मुलींनी तिला डोक्यावर घेतलं असतं. तिने बूट काढून आणला, त्यातलं पाणी झटकलं आणि त्यांच्यापुढे ठेवला.

"पाय घसरला म्हणा," ती म्हणाली. "आणि उद्यापासून पाचला या. मी शिकवते."

"तू?"

"आणि शिट्टी माझ्याकडे द्यायची."

---

पाच महिने हा प्रकार चालला. तलावाची किल्ली बाबांकडे असायची, म्हणून त्यांना सांगणं भाग होतं. पंपाच्या खोलीत राहून माणूस कमी बोलायला शिकतो. बाबा म्हणाले, "बरं," आणि सकाळी पाच ते साडेपाच पंपाकडे तोंड करून बसू लागले.

शिट्टी सर विद्यार्थी म्हणून अगदीच भिकार निघाले. त्यांना सगळं माहीत होतं, हीच अडचण होती. पाण्यात बुडताबुडता ते सांगायचे, "बेडकी, कोपराचा कोन एकशे दहा अंशांचा..." आणि गुडगुड आवाज करत खाली जायचे. बेडकी शिट्टी वाजवायची आणि त्यांचीच वाक्यं त्यांना परत करायची.

"पाय हे पाय आहेत, काठ्या नाहीत!"

"रडून पाणी वाढवू नका, तलाव आधीच भरलेला आहे!"

"हे मी असं बोलतो?" सर काठाला धरून विचारत.

"याहून वाईट बोलता."

पाचव्या महिन्यात एके सकाळी सर तलावाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत, एकदाही न थांबता, पोहून गेले. वेळ बघायची तर कॅलेंडर लागलं असतं. पण गेले. काठाला लटकून त्यांनी तोंडावरचं पाणी निपटलं. बेडकीला वाटलं आता डोळे पुसतील. पण ते म्हणाले, "मी तुम्हाला सोळा वर्षं चुकीचं शिकवलंय."

"काय?"

"श्वास घेताना मान ताणून समोर बघा, असं सांगतो ना मी? अगं, मान वर केली की पाय खाली जातात! आत्ता कळलं. नजर खालीच ठेवायची. डोकं अंगाबरोबर वर येतं, तेवढंच पुरे. पुस्तकात तसंच लिहिलंय बहुतेक, मीच उलट वाचलं."

त्याच दिवशी सहा वाजता सगळ्या मुलींना नवा हुकूम सुटला. कुणाला काही कळलं नाही. पण दोन महिन्यांत बेडकीची दोनशे मीटरची वेळ चार सेकंदांनी खाली आली. चार सेकंद म्हणजे पोहणाऱ्यांच्या जगात जवळजवळ जन्म बदलल्यासारखंच असतं.

---

एकोणिसाव्या वर्षी तिला खेळाडूंच्या जागेतून नोकरी लागली ती वीज खात्यात. पाण्यातली मुलगी विजेत, म्हणून सगळ्यांनी टिंगल केली. तक्रारींच्या खिडकीवर ती बसायची. ओले केस टेबलावर ठिबकायचे, आणि दिवा गेल्याची तक्रार घेऊन आलेली माणसं स्वतःची तक्रार विसरून तिला विचारायची, "बाई, तुम्ही भिजलात कशा?" ती म्हणायची, "वरच्या मजल्यावर पाणी खातं आहे ना, ते गळतं."

राष्ट्रीय स्पर्धांत ती दोनदा चौथी आणि एकदा पाचवी आली होती. पदक नव्हतं, पण नाव मात्र सगळ्या देशभर झालं होतं, आणि ते पोहण्यामुळे नव्हतं. एका वर्षी ध्वनिक्षेपकावर बोलणारे गृहस्थ चहा प्यायला उठले आणि माईक चालूच राहिला. बेडकीने माईक हातात घेतला आणि हुबेहूब त्यांच्याच घोगऱ्या आवाजात जाहीर केलं: "सूचना. पाणी प्रमाणाबाहेर ओलं असल्यामुळे पुरुषांची दीड हजार मीटरची शर्यत पुढे ढकलण्यात येत आहे."

तीन पोहणारे खरोखर कपडे बदलून आले. एकाने तर मुख्य पंचांना विचारलं, "साहेब, साधारण किती वाजेपर्यंत कमी होईल?" मुख्य पंचांनी त्या दिवशी बेडकीचा चेहरा नीट बघून ठेवला.

तिची प्रतिस्पर्धी म्हणजे दुसऱ्या शहरातली एक उंच मुलगी. बेडकीने तिला जिराफ हे नाव ठेवलं होतं आणि ते तिला तोंडावरच सांगितलंही होतं. जिराफ नुसती म्हणाली, "जिराफाला वरून सगळे बेडूक दिसतात." दोघी चार वर्षं एकमेकींना पाण्यात पाहत होत्या, दोन्ही अर्थांनी.

ज्या शर्यतीची ही गोष्ट आहे ती बेडकीच्या एकविसाव्या वर्षी झाली. दोनशे मीटर, अंतिम फेरी. शेवटच्या वळणानंतर ती आणि जिराफ बरोबरीने निघाल्या. तेवढ्यात बेडकीच्या चष्म्यात पाणी शिरलं. भिंत दिसेना, नुसता पांढरा उजेड. ती हात मारत गेली, मारत गेली, आणि भिंत अपेक्षेपेक्षा लवकर आली. डावा हात आधी लागला. उजवा मागून, अर्धं बोट उशिरा.

ब्रेस्टस्ट्रोकमध्ये दोन्ही हात एकाच वेळी भिंतीला लागावे लागतात. नाही लागले तर शर्यत बाद. बेडकीने डोकं वर काढलं आणि फलकावर बघितलं. तिच्या नावापुढे एकचा आकडा होता. पहिली. जिराफ सेकंदाच्या दहाव्या हिश्शाने मागे.

तिच्या पोहण्याच्या पट्ट्यावर लक्ष ठेवणारे पंच चष्मा पुसत होते. तिच्याच पाण्याचा शिंतोडा त्यांच्या काचेवर उडाला होता.

लोक टाळ्या वाजवत होते. बेडकी पाण्याबाहेर आली, टॉवेल गुंडाळला आणि सरळ मुख्य पंचांच्या टेबलाशी गेली. शिट्टी सर तिच्या मागोमाग गेले.

"साहेब, माझा एक हात आधी लागला. मला बाद करा."

मुख्य पंचांनी मान वर केली, तिला ओळखलं, आणि हातातली पेन्सिल खाली ठेवली.

"अस्सं. गेल्या खेपेला पाणी ओलं झालं होतं. आता हात आधी लागला."

"खरंच लागला, साहेब."

"आणि मी तुला बाद केलं की तू त्या माईकवरून काय जाहीर करणार आहेस? मुख्य पंचांना गंडवलं?"

"शप्पथ, नाही."

"ती खरं बोलते आहे," शिट्टी सर मध्ये पडले. "मी काठावरून पाहिलं."

"गुरू तसा चेला!" मुख्य पंच आता चांगलेच तापले. "इतक्या वर्षांत एकही प्रशिक्षक माझ्याकडे स्वतःच्या खेळाडूला बाद करा म्हणून आला नाही. मला काय दुधखुळा समजता? पट्ट्याच्या पंचांनी हात वर केला नाही. विषय संपला. पदक घ्यायला उभी राहा आणि तिथे तरी नीट उभी राहा."

लांडगा आला रे आला म्हणणाऱ्या पोराची गोष्ट तिने शाळेत पाठ केली होती. पण त्या पोराच्या गळ्यात शेवटी कुणी सुवर्णपदक घातलं नव्हतं.

जिराफ शेजारच्या पायरीवर उभी होती, रुपेरी पदक घालून. फोटोवाल्याने "हसा" म्हटलं. दोघींपैकी कुणीच हसलं नाही.

---

संध्याकाळी बेडकी खेळाडूंच्या वसतिगृहात जिराफच्या खोलीवर गेली. जिराफ खाटेवर बसून पायाच्या अंगठ्याला पट्टी बांधत होती.

"माझा एक हात आधी लागला होता," बेडकी म्हणाली.

"माहीत आहे. पाण्याखालून दिसतं."

"मग बोलली का नाहीस?"

"तू सांगायला गेलीस ते पाहिलं. तुझ्यावर विश्वास बसला नाही, तर माझ्यावर कशाला बसेल? म्हणतील, हरली म्हणून रडते."

बेडकीने पदक गळ्यातून काढून खाटेवर ठेवलं. जिराफने त्याला हात लावला नाही.

"असं नको," ती म्हणाली. "मला भीक नको. पोहून घेईन."

"कधी?"

"उद्या सकाळी. तुझ्यात दम असेल तर."

आता तलाव उघडायचा कसा? बेडकी तिथल्या पंपाच्या खोलीत गेली. पंपवाला अनोळखी होता, पण दहा मिनिटांत ते दोघं वाळूच्या फिल्टरवर आणि मोटारच्या पट्ट्यांवर असे बोलत होते की जणू एका आईची लेकरं. "आमचे बाबा म्हणतात, आवाज जाड आला की बेअरिंग गेलं समजायचं," बेडकी म्हणाली, आणि पंपवाल्याने साडेपाचला मागचं दार उघडं ठेवायचं कबूल केलं.

सकाळी रिकाम्या तलावावर चार माणसं होती: दोघी पोहणाऱ्या, शिट्टी सर आणि पंपवाला. सरांनी दोघींना चौथऱ्यावर उभं केलं. पंपवाल्याला भिंतीशी ओणवं बसवलं आणि सांगितलं, "हात बघा. दोघींचे. चारही."

शिट्टी वाजली. दोनशे मीटर, टाळ्या नाहीत, फलक नाही, फक्त पाण्याचा आवाज आणि दर वळणाला पंपवाल्याची "हां, हां, चालू द्या". बेडकीने जिवाच्या आकांताने पाय मारले. शेवटच्या पंचवीस मीटरमध्ये जिराफचे लांब हात तिला शेजारून पुढे सरकताना दिसले. हातभर अंतराने जिराफ पहिली आली.

ती काठावर चढली, नाक शिंकरलं आणि ओला हात पुढे केला.

"दे."

ना आभार, ना "राहू दे गं". बेडकीला ती त्या क्षणी फार आवडली. तिने पदक तिच्या हातावर ठेवलं.

कागदोपत्री मात्र बेडकीच विजेती राहिली. पदक एका शहरात, प्रमाणपत्र दुसऱ्या शहरात. वीज खात्याने सत्कार ठेवला तेव्हा पंचाईत झाली. मोठे साहेब हार घेऊन उभे आणि विचारतात, "पदक कुठाय? जरा घाला की गळ्यात."

"दुरुस्तीला दिलंय, साहेब."

"पदकाला कसली दुरुस्ती?"

"गळ्यात नीट बसत नव्हतं."

साहेबांनी मान हलवली. खात्यातल्या निम्म्या गोष्टी दुरुस्तीला गेलेल्या असायच्या. त्यांना काही वावगं वाटलं नाही. पण मागच्या रांगेत बसलेल्या आईला वाटलं. घरी आल्यावर तिने पूर्ण नावाने हाक मारली, आणि जवळ पाणी नसल्यामुळे बेडकीला सगळं सांगावं लागलं. आई ऐकत राहिली. मग मशिनमध्ये दोरा ओवत म्हणाली, "बरं केलंस. पण आता खरं आण एक. मी सगळ्या गिऱ्हाइकांना सांगून बसलेय."

पुढच्या वर्षी जिराफ पहिली आणि बेडकी तिसरी. त्याच्या पुढच्या वर्षी बेडकीने पहाटेचे दोन तास वाढवले, खिडकीवर बसल्याबसल्या टेबलाखाली घोटे वळवायचा व्यायाम केला, आणि सरांनी तिला तीनशे वेळा, मोजून तीनशे, नुसतं भिंतीला दोन हात लावायला लावलं. अंतिम फेरीत ती जिराफच्या अर्धं अंग पुढे आली आणि भिंतीवर अशी आदळली की मनगटं बधिर झाली आणि कपाळालाही टेंगूळ आलं.

मुख्य पंच तेच होते. या वेळी ते खुर्चीवरून उठून काठापर्यंत आले, गुडघ्यांवर हात ठेवून वाकले.

"काय गं, दोन्ही लागले ना?"

"तिन्ही लागले, साहेब," बेडकी कपाळ चोळत म्हणाली.

---

सव्विसाव्या वर्षी तिचा उजवा गुडघा गेला. बेडूकपोहणाऱ्यांचा जातोच. डॉक्टरांनी फोटो उजेडासमोर धरून सांगितलं, "पोहा, पण स्पर्धा नको." ती दवाखान्याच्या पायऱ्यांवर तासभर बसली. तेवढा वेळ तिने कुणाची खोडी काढली नाही, एवढंच त्या दिवसाविषयी सांगण्यासारखं आहे. दुसऱ्या दिवशी ती तक्रारीच्या खिडकीवर हजर होती आणि कोरड्या केसांनी बसलेली बघून लोकांनी विचारलं, "वरच्या मजल्याची गळती थांबली वाटतं?"

तिने खात्यातल्याच एका मीटर वाचणाऱ्याशी लग्न केलं. तो सायकलवरून गावभर फिरायचा, कुत्र्यांना भ्यायचा आणि तिला मुळीच भ्यायचा नाही. पुढे दोन मुलं झाली. दोघांनाही पाण्याचा कंटाळा. एकाने बुद्धिबळ धरलं, दुसऱ्याने काहीच धरलं नाही.

शिट्टी सर निवृत्त झाले तेव्हा निरोपाच्या भाषणात पालिकेच्या अध्यक्षांनी त्यांना "जन्मजात मासा" म्हटलं. उत्तर द्यायला सर उठले आणि शांतपणे म्हणाले, "मी वयाच्या चाळिसाव्या वर्षी पोहायला शिकलो. या बेडकीकडून. त्याआधी येत नव्हतं." सभागृहात असा हशा पिकला की अध्यक्षांच्या डोळ्यांतून पाणी आलं. "सर विनोदी आहेत हे ठाऊक नव्हतं!" लोक म्हणाले. सरांनी बेडकीकडे बघितलं, बेडकीने खांदे उडवले.

त्यानंतर तिने पहाटेचा एक वर्ग सुरू केला, चाळिशी उलटलेल्या, पोहता न येणाऱ्या माणसांचा. काठावर कुणी बघत बसायचं नाही, हा एकच नियम. पहिल्या तुकडीत एक दातांचे डॉक्टर आले, दोन शाळामास्तरणी आल्या, आणि लांबच्या गावांतून आलेले दोन पुरुष होते, ज्यांनी फॉर्मवर "व्यवसाय: किराणा" लिहिलं होतं. दोघांनाही कोपराचा कोन तोंडपाठ होता. बेडकीने काही विचारलं नाही.

पन्नाशी उलटल्यावर गुडघ्याची आणि तिची काहीतरी तडजोड झाली आणि ती प्रौढांच्या स्पर्धांत उतरू लागली. जिराफही उतरायची. ती आता एका शाळेची मुख्याध्यापिका होती आणि शर्यतीच्या आधीच्या दिवशी न चुकता फोन करायची, "येतेयस ना? का गुडघा घेऊन बसतेयस?"

गेल्या वर्षी पंचावन्न ते साठ वयाच्या बायकांची शंभर मीटरची शर्यत होती. पाच जणी. दोघींनी आपसात ठरवून टाकलं होतं की सोनं आणि रुपं कुणाकडे जाणार एवढाच काय तो प्रश्न आहे. शिट्टी वाजली, दोघी पेटून निघाल्या, एकमेकींवर डोळा ठेवून. शेवटी जिराफ बोटभर पुढे आली. बेडकी धापा टाकत म्हणाली, "घे, जिंकलीस," आणि मग दोघींनी एकदम बाजूला बघितलं.

पाचव्या पट्ट्यात एक बुटकी, गोलमटोल बाई आधीच काठावर बसून कान कोरडे करत होती. ती कधी आली, हे दोघींपैकी कुणालाच कळलं नव्हतं.

"कोण गं ही?" जिराफने कुजबुजत विचारलं.

"मला काय माहीत? तू वरून बघत असतेस ना सगळं?"

चौकशी केली तेव्हा कळलं, बाई निवृत्त नर्स होती. एकावन्नाव्या वर्षी, पाठ दुखते म्हणून, पोहायला शिकली होती. दोघी तिचं अभिनंदन करायला गेल्या. तिने दोघींचे हात हातात घेतले, आपुलकीने थोपटले आणि रुग्णाला धीर द्यावा तशा आवाजात म्हणाली, "छान पोहता हं तुम्ही दोघी. सवय ठेवा. सोडू नका."

"नाही सोडणार," बेडकी म्हणाली, अगदी गरीब चेहऱ्याने.

मग ती जिराफच्या हाताला धरून, ओल्या पायांनी, सरळ आयोजकांच्या टेबलाशी गेली आणि पुढच्या वर्षीचे दोन फॉर्म मागितले. टेबलावरचा तरुण म्हणाला, "आजी, अजून छापले नाहीत." बेडकी म्हणाली, "मग छाप. आम्ही थांबतो," आणि खुर्ची ओढून बसली.